मोडलेली पथकं, टिकलेल्या चाली



ज्या सरांच्या स्मरणार्थ ही व्याख्यानमाला चालते, ते स्वतः गात नसत. पण धुळ्यात एखादं कलापथक आलं की त्याच्या मुक्कामाची, भाकरीची आणि दुसऱ्या दिवशीच्या एसटीची काळजी ते करत. आजचा विषय मी त्यांच्या या स्वभावाला धरूनच निवडला आहे. जी पथकं फार दिवस जगली नाहीत, दोन-चार वर्षं गायली आणि मोडली, त्यांच्याबद्दल मी बोलणार आहे. त्यांचा मोठ्या, नावाजलेल्या गटांशी काय नातं होतं, आणि त्यात आपल्या धुळे जिल्ह्याचा वाटा किती, हे आज बघायचं आहे.

सुरुवात थोडी लांबून करतो. १९६५ च्या सुमारास अमेरिकेत ‘फोक रॉक’ हे नाव रूढ झालं. लोकगीताची किंवा लोकगीताच्या वळणाची चाल घ्यायची आणि तिला इलेक्ट्रिक गिटार व ड्रमची साथ द्यायची, असा हा प्रकार. बर्ड्‌स नावाच्या गटाने तो गाजवला. इंग्लंडमध्ये फेअरपोर्ट कन्व्हेन्शन या गटाने तिकडच्या जुन्या कथागीतांना हेच रूप दिलं. त्यांची गायिका सॅंडी डेनी १९६९ च्या अखेरीस बाहेर पडली आणि तिने १९७० मध्ये फॉदरिंगे नावाचा नवा गट काढला. त्या गटाची एकच तबकडी निघाली, दुसरीचं काम चालू होतं, आणि जानेवारी १९७१ मध्ये गट मोडला. म्हणजे पुरतं वर्षही धड भरलं नाही. पण पुढे काय झालं ते पाहा. त्याच वर्षी लेड झेपलिन या जगप्रसिद्ध गटाच्या चौथ्या तबकडीत सॅंडी डेनी गायली. त्या गटाने आपल्या तबकडीत बाहेरचा गळा घेतला तो तेवढाच. फॉदरिंगेचे ट्रेव्हर लुकास आणि जेरी डोनाह्यू फेअरपोर्टमध्ये गेले, १९७४ मध्ये सॅंडीही तिथे परतली. गटाचा ड्रमवादक गेरी कॉन्वे तर १९९८ मध्ये फेअरपोर्टमध्ये दाखल झाला. सॅंडी १९७८ मध्ये गेली. अर्धवट राहिलेली दुसरी तबकडी २००८ मध्ये बाहेर आली.

एक वर्षही न टिकलेल्या गटाची एवढी माहिती मी तुम्हाला सांगू शकतो, कारण तिकडे ती कुणीतरी लिहून ठेवली. पीट फ्रेम नावाच्या इंग्रज लेखकाने तर रॉक गटांच्या वंशावळी हाताने काढल्या. कोण कुठून आला, कुणाबरोबर वाजवलं, कुठे गेला, हे फांद्या-उपफांद्यांसकट कागदावर मांडलं. त्या वंशावळी पाहिल्या की ध्यानात येतं, की प्रसिद्ध गट फांदीच्या टोकाला आहेत आणि सांधे आहेत ते या लहान, मोडलेल्या गटांचे. सांधा काढला तर फांदी कुठून फुटली हेच कळत नाही.

आणि वंशावळ काढण्याचं काम धुळ्याला कुणी शिकवावं? इतिहासाचार्य राजवाडे गावोगाव हिंडून दप्तरं गोळा करत होते ती कशासाठी? सरदार-जहागीरदारांची, वतनदारांची, कुलकर्ण्यांची पिढ्यान्‌पिढ्यांची नावं त्यांनी वाळवीच्या तोंडून सोडवली. १९२६ च्या ३१ डिसेंबरला त्यांनी याच शहरात देह ठेवला आणि पुढच्याच महिन्यात त्यांच्या नावाचं संशोधन मंडळ इथे उभं राहिलं. पलीकडे समर्थ वाग्देवता मंदिरात शंकरराव देवांनी जमवलेली रामदासी बाडं आहेत. एवढी कागदांची माया असलेल्या शहरात गाणाऱ्या पथकांची वंशावळ मात्र अजून कुणी काढलेली नाही. आज तिच्या चार-पाच फांद्या तुमच्यापुढे काढून दाखवतो.

पहिली फांदी अल्मोड्याहून निघते. नर्तक उदय शंकर यांचं तिथलं कलाकेंद्र जेमतेम पाच वर्षं चाललं आणि १९४४ मध्ये बंद पडलं. गुरुदत्त तिथे शिकले, झोहरा सेगल तिथे शिकवत. केंद्र बंद पडल्यावर काही मंडळी मुंबईला आली. तिथे मे १९४३ मध्ये ‘इप्टा’, म्हणजे भारतीय जननाट्य संघ, स्थापन झाला होता. बंगालचा दुष्काळ पेटलेला होता, लाखो माणसं मरत होती, आणि त्या दुष्काळासाठी देशभर फिरून गाणं-नाच करणारं एक मध्यवर्ती पथक इप्टाने अंधेरीच्या एका बंगल्यात वसवलं. नृत्याची जबाबदारी शांती बर्धन यांच्याकडे होती. संगीताला काही काळ एक पंचविशीच्या आतला सतारिया होता, रविशंकर. ‘सारे जहाँ से अच्छा’ची आज शाळाशाळांतून म्हटली जाणारी चाल त्यांनी १९४५ मध्ये इथेच बांधली. हे पथक दोन-तीन वर्षांत मोडलं. स्वातंत्र्य उजाडलं तेव्हा त्याची माणसं पांगलेली होती.

या पथकाच्या काळातच इप्टाने स्वतः एक चित्रपट काढला, ‘धरती के लाल’, १९४६. दिग्दर्शक ख्वाजा अहमद अब्बास, भूमिका बलराज साहनी, शंभू मित्र, तृप्ती मित्र यांच्या, संगीत रविशंकर यांचं. दुष्काळात सापडलेलं बंगाली शेतकरी कुटुंब गाव सोडून कलकत्त्याला जातं, अशी ती गोष्ट. आणि त्यातलं बाहेरचं चित्रीकरण झालं ते आपल्या धुळे भागात. किसान सभेच्या हाकेला ओ देऊन आलेले इथले शेतकरी गर्दीच्या दृश्यांत उतरले. म्हणजे बंगालच्या भुकेल्या माणसांचे चेहरे म्हणून पडद्यावर जे दिसतात, त्यांत खान्देशातले चेहरे आहेत. त्यांची नावं श्रेयनामावलीत नाहीत. असायची रीतही नव्हती. पण माझ्या मते ही धुळ्याच्या सांस्कृतिक इतिहासातली फार मोठी घटना आहे, आणि ती शहरातल्या शाळकरी मुलालाही ठाऊक असायला हवी.

आता याच फांदीचं दुसरं टोक. रविशंकर यांच्या तबकड्या अमेरिकेत बर्ड्‌स गटातल्या डेव्हिड क्रॉस्बीच्या हाती पडल्या, आणि बर्ड्‌सच्या गिटारवर त्याचा रंग चढला. बीटल्सचा जॉर्ज हॅरिसन १९६६ मध्ये रविशंकर यांचा शिष्य झाला. १ ऑगस्ट १९७१ रोजी न्यूयॉर्कला बांगलादेशच्या निर्वासितांसाठी दोघांनी मिळून जो जलसा केला, तो अशा प्रकारच्या मोठ्या जलशांतला पहिला. बंगालच्या भुकेसाठी १९४५ मध्ये संगीत देणाऱ्या माणसाने पुन्हा बंगालच्याच माणसांसाठी तो घडवून आणला, हे मला फार महत्त्वाचं वाटतं. धुळ्याच्या शेतकऱ्यांमुळे बीटल्स सतार शिकले, असा दावा मी करणार नाही. पण कला लोकांच्या संकटासाठी वापरायची, हे वळण त्या सतारियाला अंधेरीच्या बंगल्यात लागलं असं मी मानतो, आणि त्या वळणावर आपली माणसं उभी होती.

दुसरी फांदी आपल्या भाषेतली आहे. १९४४ मध्ये अण्णाभाऊ साठे, अमर शेख आणि द. ना. गवाणकर यांनी मुंबईत लाल बावटा कलापथक काढलं. या पथकाबद्दल थोडं सविस्तर बोलायला हवं, कारण ते कसं चालत होतं हे कळल्याशिवाय ते का गाजलं हे कळत नाही.

गिरणीच्या दारात सभा घ्यायची तर तिथे रंगमंच नसतो, पडदा नसतो, बऱ्याचदा ध्वनिक्षेपकही नसतो. पाळी सुटायची वेळ ठरलेली असते, आणि भोंगा झाला की दहा मिनिटांत माणूस घरच्या वाटेला लागतो. अशा ठिकाणी पेटी आणि तबला घेऊन बसलेला गवई काय करणार? डफ मात्र उभ्याने वाजतो. त्याची थाप टणक असते, गर्दीच्या गोंगाटावरून पलीकडे जाते. तुणतुणं एकच सूर कानाशी धरून ठेवतं. शाहीर ओळ टाकतो, मागचे झीलकरी ती उचलतात, ‘जी जी’ करत लांबवतात, आणि तेवढ्यात शाहिराला दम खायला मिळतो. झीलकऱ्याचं काम लहान वाटतं, पण झील तुटली की पोवाडा बसतो. शिवाय झीलकरी म्हणजे पथकातले शिकाऊ. चार वर्षं झील धरणारा पाचव्या वर्षी स्वतः डफ घेऊन उभा राहू शकतो. पथक ही अशी शाळाच असते.

अण्णाभाऊंनी तमाशाचा ढाचा उचलला, पण गणातलं गणपतीचं नमन काढून तिथे कष्टकऱ्यांना, हुतात्म्यांना वंदन आणलं, आणि गवळण गाळली. वगात सावकार, शेटजी, इलेक्शन आलं. ‘अकलेची गोष्ट’ हा १९४५ चा वग हजारो शेतकऱ्यांपुढे झाला. आणि आपल्या दृष्टीने महत्त्वाचं म्हणजे, स्वातंत्र्याच्या उंबरठ्यावर खान्देशातल्याच अमळनेरच्या गिरणी कामगारांवर गोळ्या झाडल्या गेल्या, माणसं मेली, तेव्हा अण्णाभाऊंनी अमळनेरच्या अमर हुतात्म्यांवर पोवाडा रचला. वर्तमानपत्र वाचता न येणाऱ्या कामगारापर्यंत अमळनेरची बातमी गेली ती अशी गाण्यातून.

१९४८ नंतर कम्युनिस्टांची धरपकड झाली, कार्यक्रमांवर बंदी आली, आणि पथकाचं काम थांबलं. जेमतेम चार-पाच वर्षांचं आयुष्य. पण १९४९ मध्ये इप्टाच्या अलाहाबाद अधिवेशनात अध्यक्ष म्हणून बसले ते वाटेगावचे अण्णाभाऊच. तमाशावर बंदी आली तेव्हा त्यांनी त्याच रूपाला लोकनाट्य म्हणून पुन्हा उभं केलं, आणि त्या वाटेवर पुढे कितीतरी जण चालले. संयुक्त महाराष्ट्राच्या लढ्यात हे तिघे शाहीर पुन्हा व्यासपीठावर आले. तेव्हा पथकाचं जुनं नाव कुणी विचारलं नाही, आवाज मात्र लोकांनी ओळखले. अमर शेख त्याआधी आचार्य अत्र्यांच्या ‘महात्मा फुले’ चित्रपटात दिसले होते. १९६९ च्या जुलैत अण्णाभाऊ गेले आणि पुढच्याच महिन्यात अमर शेख.

तिसऱ्या फांदीवरून मी भराभर जातो, कारण ती तुम्हाला ठाऊक आहे. साने गुरुजींच्या प्रेरणेतल्या राष्ट्र सेवा दलाचं कलापथक अल्पायुषी नव्हतं, पण त्यातली माणसं सतत बदलत असत. कुणी दोन वर्षं राहिलं, कुणी चार. वसंत बापट, लीलाधर हेगडे टिकून राहिले. निळू फुले, दादा कोंडके, राम नगरकर तिथून व्यावसायिक रंगभूमीवर आणि चित्रपटांत गेले. आपल्या शिरपूरच्या शिवाजीराव पाटलांची लेक स्मिता हीसुद्धा सेवा दलाच्या पथकात नाचली-गायली आहे. स्मिता पाटीलच्या अभिनयावर आपल्याकडे इतकं लिहिलं गेलं, पण बाईमाणसाचं उभं राहणं, डोक्यावरचा पदर, घोळक्यातली हालचाल हे तिने पथकात फिरताना टिपलं असणार, याकडे फारसं कुणी वळलेलं नाही.

आता सातपुड्याकडे येतो. नंदुरबार जिल्हा १ जुलै १९९८ ला वेगळा झाला. त्याआधी हे सगळं धुळेच होतं, त्यामुळे मी ते आपलंच धरतो.

तिथे गाणं हे चळवळीच्या आधीपासून संघटनेचं साधन आहे. १९३७-३८ मध्ये तळोद्याकडच्या गुला महाराजांच्या आरतीला दर सोमवारी हजारो भिल्ल जमत. दारू सोडा, अंघोळ करा, एकमेकांना ‘आप’ म्हणा, असं ते सांगत. वर्षभरात ते वारले. पण ती आरती आणि तो जमाव लोकांच्या स्मरणात राहिला. तीस वर्षांनी शहादा तालुक्यातल्या पाडळद्याचे अंबरसिंग सुरतवंती भजनं म्हणत गावोगाव फिरले, त्याला या स्मरणाचा आधार होता. ३० जानेवारी १९७२ चा शहाद्याचा भूमुक्ती मेळावा, त्याच वर्षी उभी राहिलेली श्रमिक संघटना, आदिवासी बायांनी गावोगाव दारूची मडकी फोडली ते दिवस, हे सगळं गाण्यांनी भरलेलं होतं. अंबरसिंग महाराज १९७४ मध्ये गेले. त्या चळवळीत घडलेल्या वाहरू सोनवणे यांचा ‘गोधड’ हा कवितासंग्रह १९८७ मध्ये आला. मराठी साहित्याने त्याची दखल घेतली. पण मडकी फोडताना बायांनी जी गाणी जागच्या जागी जुळवली, त्या गाणाऱ्या बायांचे गट कुठल्या पाड्यावरचे, कोण पुढे गात होतं आणि कोण मागे, हे कुठेही एकत्र लिहिलेलं नाही.

आणि मग नर्मदा. सरदार सरोवरात बुडणारी महाराष्ट्राची तेहेतीस गावं सगळी आपल्या अक्राणी आणि अक्कलकुवा तालुक्यांतली. त्यात पहिलं मणिबेली. १९९० च्या दशकाच्या सुरुवातीला या गावांत धरणाविरुद्धच्या आंदोलनासाठी शहरांतून जी तरुण मंडळी राहायला आली, त्यांत राहुल राम होते. अमेरिकेत पर्यावरणातल्या विषद्रव्यांवर पीएच.डी. करून आलेले, आणि गिटार हाती असलेले. दिल्लीत सुस्मित सेन आणि असीम चक्रवर्ती यांनी १९९० मध्ये इंडियन ओशन हा गट काढला होता, राहुल राम १९९१ मध्ये त्यात गेले. २००० मध्ये आलेल्या त्यांच्या ‘कंदिसा’ या संग्रहात ‘मा रेवा’ हे गाणं आहे. नर्मदेच्या खोऱ्यातलं, निमाडी बोलीतलं पारंपरिक गाणं. गाणं नदीच्या पलीकडच्या काठाचं आहे, हे मान्य. पण आंदोलनात काठ वेगळे नव्हते. मोर्चात निमाडचे शेतकरी आणि सातपुड्याचे भिल्ल-पावरा शेजारी चालत, आणि गाणी एका काठावरून दुसऱ्या काठावर जात. हे गाणं आपल्याला कुठे मिळालं, हे राहुल राम यांनी कधी लपवलेलं नाही.

इथे एक गोष्ट मला मोकळेपणाने बोलायची आहे. तबकडीवर ‘पारंपरिक’ असा शब्द छापला की कायद्याचं काम होतं. न्यायाचं होत नाही. परंपरा स्वतः गात नाही. कुठल्या तरी घाटावरची चार माणसं गातात, त्यांतल्या एकाने कडव्याचा शेवट जरा वर नेलेला असतो, दुसरीने एखादी ओळ मागे-पुढे केलेली असते. मोर्चापुरतं जमलेलं पथक असतं ते. धरणाचं पाणी चढलं, पुनर्वसनात गाव तीन ठिकाणी वाटलं गेलं, की ते पथक संपलं. इंडियन ओशन पुढे देशोदेशी गेलं, आणि जावंच. मी त्यांचा चाहता आहे. पण वंशावळीत त्या चार माणसांची जागा रिकामी राहिली, आणि ती भरणं हे दिल्लीकरांचं काम नाही, आपलं आहे.

पथकं का मोडतात, याची उत्तरं पुस्तकी नसतात. पक्ष म्हणतो आशय सांगा, कलावंत म्हणतो चाल बसू द्या. अंधेरीचं पथक या ओढाताणीत बरंच झिजलं. अटक होते. मुलीचं लग्न ठरतं, आणि पुढे गाणारा गळा सासरी जातो. त्याच्या जागी तसाच गळा मिळेपर्यंत मंडळी दुसऱ्या कामाला लागलेली असतात. आणि आपल्याकडे सर्वांत मोठं कारण म्हणजे ऊस. दिवाळी झाली की साक्री, नवापूर, अक्कलकुव्याकडून टोळ्या गुजरातच्या कारखान्यांकडे निघतात. ढोलवाला एका टोळीत, पावरीवाला दुसऱ्या. साक्रीकडच्या कोकणा मंडळींची ही पावरी तुम्ही पाहिली असेल. वाळवलेला भोपळा, बांबूच्या नळ्या आणि शिंग जोडून केलेलं वाद्य. मार्गशीर्षात डोंगऱ्या देवाच्या उत्सवात वाजवणारा गाल फुगवून श्वास न तोडता ती वाजवत राहतो आणि त्याच्याभोवती गोल फिरत नाच चालतो. हे वाद्य पुस्तकावरून शिकता येत नाही, वाजवणाऱ्याच्या शेजारी बसूनच शिकावं लागतं. मुकादमाची उचल घेतलेला माणूस मार्गशीर्षात गावात नसेल, तर शेजारी बसणाऱ्याने कुणाच्या शेजारी बसायचं?

म्हणून माझी धुळेकरांना आणि विशेषतः इथे बसलेल्या महाविद्यालयीन मुलामुलींना विनंती आहे, आणि ती अगदी व्यवहारातली आहे. या जिल्ह्यात आणि नंदुरबारात ज्यांनी कधीतरी पथकात गायलं, त्यांच्याकडे जा. लाल बावट्याच्या वळणाचं असो, सेवा दलाचं असो, श्रमिक संघटनेचं असो, आंदोलनाचं असो, आंबेडकरी जलसा असो किंवा गावच्या यात्रेपुरता जमलेला सोंगाड्यांचा संच असो. पथकाचं नाव, गाव, किती वर्षं चाललं, कोण आधी कुठे होतं आणि नंतर कुठे गेलं, चाल कुणाकडून घेतली, एवढं विचारा. झीलकऱ्यांची नावं मुद्दाम विचारा, कारण शाहिराचं नाव कुठेतरी सापडतंच. घरात जुनी हस्तपत्रकं, कार्यक्रमाच्या परवान्यांचे अर्ज, वहीत उतरवलेली गाणी असतील, त्यांची छायाचित्रं घ्या आणि मूळ कागद त्यांच्याकडेच राहू द्या. चाल मोबाइलवर ध्वनिमुद्रित करा, आणि गाणाऱ्याचं नाव तिच्यावर लिहा. ‘पारंपरिक’ एवढंच लिहू नका.

ऊसतोडीला गेलेली माणसं होळीला घरी येतात. काठी गावच्या राजवाडी होळीला सातपुड्यातले ढोल एका जागी येतात, तेव्हा एका रात्रीत पंधरा-वीस पाड्यांचे वाजवणारे भेटू शकतात. शहाद्याच्या चळवळीत ज्या बाया विशीत होत्या त्या आज सत्तरीच्या पुढे आहेत, आणि त्यांतल्या अनेकींना अजून गाणी तोंडपाठ आहेत. आधी त्यांच्याकडे जायला हवं, होळीची वाट न पाहता.